एकाच खुणांचे दोन निवाडे

केंब्रिजच्या ख्राइस्ट्स कॉलेजच्या चॅपेलमध्ये दोन पुरुषांचे एक संयुक्त स्मारक आहे. सर जॉन फिंच आणि सर थॉमस बेन्स अशी त्यांची नावे. दोघांची ओळख याच कॉलेजात झाली, दोघांनी इटलीत पादुआला जाऊन वैद्यकाचे शिक्षण घेतले आणि पुढचे सारे आयुष्य ते जवळजवळ सतत एकत्र राहिले. फिंच इंग्लंडचा राजदूत म्हणून कॉन्स्टँटिनोपलला गेला तेव्हा बेन्सही त्याच्याबरोबर गेला आणि 1681 मध्ये तिथेच वारला. फिंचने मित्राचा देह मसाले भरून टिकवला, जहाजातून इंग्लंडला आणला, आणि पुढच्याच वर्षी तो स्वतः गेला तेव्हा त्याला त्याच चॅपेलमध्ये बेन्सच्या शेजारी पुरण्यात आले. स्मारकावर दोघांच्या प्रतिमा आहेत आणि त्यांना जोडणारी, मधोमध गाठ मारलेली एक वस्त्रपट्टी दगडात कोरलेली आहे. शेला-उपरण्याची गाठ ज्याने पाहिली आहे त्या मराठी माणसाला ती पाहून काय आठवेल हे सांगायला नको. या नात्यासाठी लॅटिनमध्ये वापरलेला शब्दही तोच आहे: आत्म्यांचा विवाह.

ज्या देशात पुरुषाने पुरुषाशी संग केल्यास फाशीची शिक्षा होती, त्याच देशात आणि त्याच शतकात, चर्चच्या भिंतीवर, धर्मोपदेशकांच्या डोळ्यांदेखत हे स्मारक उभे राहिले. ते कोणी लपवले नाही आणि त्याने कोणी बिचकलेही नाही. याचा अर्थ काय लावायचा, या प्रश्नावर आज दोन ठरलेली उत्तरे मिळतात. पहिले असे की हे दोघे समलिंगी प्रेमी होते आणि समाजाने त्यांच्याकडे काणाडोळा केला. दुसरे असे की ते निव्वळ मित्र होते आणि दोष आजच्या लोकांच्या नजरेत आहे. मला दोन्ही उत्तरे अपुरी वाटतात, कारण 'निव्वळ मित्र' आणि 'प्रेमी' यांच्यामध्ये आज आपण जिथे रेघ ओढतो तिथेच ती तेव्हाही होती, असे दोन्ही उत्तरे गृहीत धरतात. रेघ तेव्हाही होती आणि ती ओलांडल्याचे ज्याच्यावर ठरे त्याचा जीव जात असे. पण कोणता माणूस तिच्या अलीकडचा आणि कोणता पलीकडचा, हे ठरवताना भावना किंवा शरीराची जवळीक यांपेक्षा त्याचा दर्जा, कुळ आणि शत्रू यांनाच अधिक महत्त्व होते.

सुरुवात शय्येपासून करावी लागते. सोळाव्या-सतराव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये स्वतंत्र खोली आणि स्वतंत्र पलंग ही चैन होती. शिकाऊ कारागीर दुसऱ्या शिकाऊ कारागिराबरोबर झोपे, विद्यार्थी विद्यार्थ्याबरोबर, आणि सराईत उतरलेला प्रवासी अनोळखी माणसाशेजारी. परंतु हा केवळ अडचणीचा मामला नव्हता. दिवसभर नोकरचाकरांच्या गर्दीत वावरणाऱ्या माणसाला मनातले बोलायला रात्रीचा तो वेळच मोकळा मिळे, आणि त्यामुळे मोठ्या माणसाच्या शय्येशी ज्याची जवळीक, त्याची त्या माणसाच्या कानापर्यंत पोहोच आहे, असे सगळे समजत. आपल्याकडे 'ते दोघे एका ताटात जेवतात' असे म्हटले की त्या दोघांमध्ये आडपडदा नाही, एकाला सांगितलेले दुसऱ्याला कळेल, आणि एकाशी वैर म्हणजे दुसऱ्याशीही वैर, हे सारे न सांगता कळते. तिकडे हेच काम 'ते एका शय्येवर झोपतात' या वाक्याने होत असे. राजाच्या शय्यागृहातला सेवक ही म्हणूनच चाकराची नव्हे तर सरदाराची पदवी होती, आणि तिच्यासाठी चांगल्या घराण्यातले तरुण एकमेकांशी झुंजत.

चारचौघांत दिलेले आलिंगन, चुंबन, 'माझ्या प्राणा' अशा थाटाची पत्रे या सगळ्याला तोच अर्थ होता. ती पत्रे आज आपण खाजगी समजून वाचतो, पण त्यांतली पुष्कळशी दुसऱ्यांना दाखवण्यासाठी जपून ठेवलेली असत, कारण बड्या माणसाचे प्रेम आपल्यावर आहे याचा तो लेखी दाखला होता. मैत्री ही मनातली गोष्ट खरीच, पण त्या समाजात ती बाजारात चालणारे नाणेही होती. हा मुद्दा सर्वांत ठामपणे मांडणारे इतिहासकार अ‍ॅलन ब्रे. पेशाने ते विद्यापीठातले प्राध्यापक नव्हते, सरकारी नोकरीत होते, आणि त्यांचे या विषयावरचे मोठे काम त्यांच्या मृत्यूनंतर 2003 मध्ये प्रसिद्ध झाले. मैत्रीच्या खुणा आणि गुन्ह्याच्या खुणा दिसायला सारख्याच होत्या, हे त्यांचे निरीक्षण पुढच्या सगळ्या चर्चेचा पाया आहे.

या सारखेपणाचे सर्वांत झगझगीत उदाहरण म्हणजे इंग्लंडचा राजा पहिला जेम्स. 1614 च्या उन्हाळ्यात अपेथॉर्प इथल्या एका वाड्यात त्याची गाठ जॉर्ज व्हिलियर्स नावाच्या विशीतल्या देखण्या तरुणाशी पडली. व्हिलियर्सचे घराणे मध्यम प्रतीचे, हातात पैसा नाही. तोच तरुण 1617 मध्ये अर्ल झाला, पुढच्या वर्षी मार्क्विस आणि 1623 मध्ये बकिंगहमचा ड्यूक. राजाने त्याला लिहिलेल्या पत्रांत 'माझ्या गोड लेकरा, माझ्या पत्नी' असे संबोधन आहे आणि स्वतःचा उल्लेख 'तुझा बाप आणि नवरा' असा आहे. राजमंडळासमोर जेम्सने ख्रिस्ताचा दाखला दिल्याचेही नोंदलेले आहे: ख्रिस्ताला त्याचा जॉन होता, तसा मला माझा जॉर्ज आहे. अलीकडे अपेथॉर्पच्या डागडुजीत राजाचे आणि ड्यूकचे शयनगृह जोडणारी वाट सापडली तेव्हा जणू खटल्यातला अखेरचा पुरावा मिळाल्यासारखी चर्चा झाली. मला त्या चर्चेची गंमत वाटते. आवडत्या सरदाराचे शयनगृह राजाच्या शयनगृहाला लागून असणे हा त्या काळचा राजशिष्टाचार होता. ज्यात लपवण्याजोगे काही नव्हते त्याची वाट भिंतीत सापडली म्हणून रहस्य उलगडत नाही.

याच राजाने 1599 मध्ये थोरल्या मुलासाठी राज्यकारभाराचा उपदेशग्रंथ लिहिला होता. राजाने ज्यांना कधीही क्षमा करू नये अशा गुन्ह्यांची यादी त्यात आहे आणि जादूटोणा, खून, विषप्रयोग, खोटी नाणी पाडणे यांच्या पंगतीला सॉडमीही, म्हणजे पुरुषाने पुरुषाशी केलेला संगही, बसवलेली आहे. जेम्स ढोंगी होता असे म्हणून हा विषय मिटवता येतो, आणि पुष्कळांनी तो तसा मिटवला आहे. पण यादी पुन्हा वाचावी. जादूगार, विष घालणारा, खोटी नाणी पाडणारा ही सगळी राज्य पोखरणाऱ्या शत्रूची रूपे आहेत. 'सॉडमाइट' म्हणजे त्या काळच्या कल्पनेत असाच एक राक्षस: नास्तिक, राजद्रोही, बहुधा परदेशी. आपल्या मित्राला उराशी धरणाऱ्या राजाला त्या राक्षसात स्वतःचा चेहरा दिसण्याचे काही कारणच नव्हते. त्याच्या शत्रूंना मात्र तो लगेच दिसला, कारण बकिंगहम वर चढला तो जुन्या घराण्यांना बाजूला सारून.

एका आईच्या पत्रात हाच न्याय अधिक साधेपणाने दिसतो. तत्त्वज्ञ आणि कायदेपंडित फ्रान्सिस बेकन याच्या आईने 1593 मध्ये आपल्या थोरल्या मुलाला लिहिताना धाकट्याची तक्रार केली, की त्याने पर्सी नावाच्या माणसाला गाडीतला सोबती आणि शय्येवरचा सोबती करून ठेवले आहे. ही बाई अतिशय कर्मठ प्युरिटन होती. तिची हरकत शय्येला असती तर तिने बायबलमधले दाखले देऊन पाने भरली असती. तिची हरकत माणसाला आहे: हा पर्सी गर्विष्ठ आहे, अधर्मी आहे आणि खर्चिक आहे. त्याच शय्येवर एखादा कुलीन, काटकसरी, चर्चला नेमाने जाणारा तरुण असता तर आईने त्याला आशीर्वादच कळवला असता, असे मला ते पत्र वाचताना वाटत राहते.

कायदा याच दर्जाच्या राजकारणातून जन्मला. आठव्या हेन्रीच्या पार्लमेंटने 1533 मध्ये बगरी कायदा केला ('बगरी' हे याच संगाचे कायद्यातले नाव), तोवर हा विषय धर्मपीठाच्या न्यायालयांचा होता. रोमशी फारकत घेणाऱ्या राजाला धर्मपीठाचे अधिकार एकेक करून आपल्याकडे ओढायचे होते. नव्या कायद्यात शिक्षा मृत्यूची होती, धर्मोपदेशकांना मिळणारी सवलत नव्हती आणि गुन्हेगाराची मालमत्ता जप्त होत असे. हे विधेयक पार्लमेंटमधून नेणारा मंत्री थॉमस क्रॉमवेल. 28 जुलै 1540 रोजी याच कलमाचा आरोप असलेल्या वॉल्टर हंगरफोर्ड या सरदाराचा शिरच्छेद झाला आणि त्याच दिवशी, त्याच ठिकाणी क्रॉमवेलचाही झाला. हंगरफोर्डवर राजद्रोहाचा आणि राजाच्या मृत्यूचे भविष्य काढवून घेतल्याचाही आरोप होता. बगरीचे कलम त्या गाठोड्यात वरून बांधलेले होते.

जवळजवळ शंभर वर्षांनी, 1631 मध्ये, कॅसलहेव्हनच्या अर्लवर खटला झाला तेव्हाही गाठोडे असेच होते. या माणसाबद्दल सहानुभूती वाटावी असे काही नाही. पत्नीवर नोकराकरवी बलात्कार घडवून आणल्याचा आरोप त्याच्यावर होता आणि त्यासाठी सरदारांच्या 27 जणांच्या मंडळाने जवळजवळ एकमुखाने त्याला दोषी ठरवले. सॉडमीच्या आरोपावर मात्र तेच मंडळ दुभंगले: 15 जणांनी दोषी म्हटले, 12 जणांनी नाही. आणि हा खटला सुरू कशामुळे झाला? अर्लच्या मुलाने तक्रार केली, की बाप आपली मालमत्ता नोकरांवर उधळतो आहे आणि माझा वारसा बुडतो आहे. नोकराला शय्येवर घेतल्याने जेवढी खळबळ माजली नाही तेवढी त्याला इस्टेटीत वाटेकरी केल्याने माजली. अर्लचा शिरच्छेद झाला, आणि ज्यांच्या साक्षींवर खटला उभा राहिला त्यांतल्या दोन नोकरांनाही नंतर फासावर चढवण्यात आले, कारण साक्ष देताना त्यांनी स्वतःचाच गुन्हा कबूल केला होता.

फ्लोरेन्सचे चित्र वेगळे आहे आणि ते लक्षात घेतले नाही तर इंग्लंडवरून सगळ्या युरोपची चुकीची कल्पना होते. तिथे 1432 पासून 1502 पर्यंत केवळ या एका गुन्ह्यासाठी 'रात्रीचे अधिकारी' या नावाचे स्वतंत्र न्यायमंडळ काम करत होते. शहरात ठिकठिकाणी पेट्या ठेवलेल्या असत आणि कोणीही त्यांत निनावी चिठ्ठी टाकावी. लिओनार्दो दा व्हिंचीचे नाव 1476 मध्ये अशाच चिठ्ठीतून पुढे आले आणि प्रकरण नंतर निकालात निघाले. सुमारे 40,000 वस्तीच्या त्या शहरात सत्तर वर्षांत 17,000 च्या आसपास पुरुषांची नावे या मंडळापुढे आली आणि 3,000 च्या आसपास दोषी ठरले, असा दप्तरांचा बारकाईने अभ्यास करणाऱ्या मायकेल रॉक या इतिहासकाराचा हिशेब आहे. शिक्षा बहुतेक वेळा दंडाची. म्हणजे हा मूठभर विकृतांचा प्रकार नव्हता. न्हाव्यापासून सावकारापर्यंत कोणाचेही नाव त्या पेटीत पडू शकत होते. पण त्याच दप्तरांतून हेही दिसते की यांतली बहुसंख्य नाती प्रौढ पुरुष आणि वयाने बरीच लहान असलेली मुले यांच्यातली होती. आजच्या समलिंगी चळवळीला ज्यात आपले पूर्वज शोधावेसे वाटतात त्या दप्तरांत समतेवर उभी असलेली नाती फार थोडी आणि सत्तेच्या उतरंडीवर उभी असलेली पुष्कळ सापडतात. इतिहासाला आपल्या बाजूने उभे करायचे तर त्याचा हा भागही उभा राहतो.

दुसरी एक गोष्ट या सगळ्या देशांत समान होती. हा रोग आपला नाही, तो बाहेरून आला, असे प्रत्येकाला वाटे. इंग्लंडचा थोर कायदेपंडित एडवर्ड कोक याने तो इटलीहून आलेल्या लोम्बार्ड व्यापाऱ्यांच्या माथी मारला. जर्मनांनी तर फ्लोरेन्स शहराच्या नावावरून या कृत्यासाठी क्रियापदच बनवले. सुनावणीच्या वेळी 2023 मध्ये आपल्या केंद्र सरकारने समलिंगी विवाहाची मागणी ही शहरी उच्चभ्रूंची कल्पना असल्याचे सर्वोच्च न्यायालयात सांगितले, तेव्हा मला कोकच्या लोम्बार्डांची आठवण झाली. बाहेरून खरोखर काय आले, ते दाखवणे सोपे आहे. हेन्रीच्या 1533 च्या कायद्यातली कल्पना इंग्रजी कायद्यांमधून झिरपत मेकॉलेच्या मसुद्यापर्यंत आली, 1860 च्या भारतीय दंडसंहितेत कलम 377 म्हणून बसली आणि 1862 पासून पुण्या-मुंबईपासून कलकत्त्यापर्यंत लागू झाली. सर्वोच्च न्यायालयाने 6 सप्टेंबर 2018 रोजी प्रौढांच्या संमतीच्या संबंधांना त्या कलमातून मोकळे केले. आपल्या जुन्या धर्मशास्त्रात या कृत्याला मान्यता होती असे मात्र मी म्हणणार नाही. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायात द्विजाला यासाठी सचैल स्नानाचे प्रायश्चित्त सांगितले आहे. दोष मानला होता. पण सचैल स्नान आणि फास यांत जे अंतर आहे ते केवळ पायरीचे नाही.

इथे एक आक्षेप येतो आणि तो रास्त आहे. राजाच्या पत्रांतले 'पत्नी' हे संबोधन जर त्या काळची रीतच होती, तर मग शब्दांवरून काहीच सिद्ध होत नाही असे म्हणायचे का? मराठी वाचकाने या प्रश्नाला बिचकू नये, कारण आपल्याला या तऱ्हेच्या वाचनाची सवय आहे. जेम्सच्याच शतकात देहूत तुकोबांनी विराण्या रचल्या, ज्यांत संसारी पुरुष कवी जनलज्जा सोडलेल्या बाईच्या तोंडून हरीवरच्या प्रेमाची कबुली देतो. त्यावरून कवीच्या शय्येचा अंदाज आपण बांधत नाही, आणि त्या शब्दांतली आच खोटी आहे असेही म्हणत नाही. भाषा रीतीची असते आणि त्याच रीतीतून खरी ओढही बोलते. जेम्सच्या पत्रांत दरबारी अलंकार आहे आणि म्हाताऱ्या होत चाललेल्या माणसाची व्याकुळताही आहे. त्या दोघांमध्ये देहसंबंध होता का, याचे उत्तर माझ्या मते 'बहुधा होता' असे आहे, पण त्या उत्तराने आपल्याला त्या समाजाबद्दल नवे फारसे काही कळत नाही. फ्रेंच निबंधकार माँतेन याने आपला मित्र ला बोएती याच्याविषयी लिहिताना प्रौढ पुरुष आणि मुलगा यांच्यातल्या प्रेमाच्या ग्रीक रीतीला आपल्या नीतीने धिक्कारले ते योग्यच, असे बजावले आहे. आणि तरी 1563 मध्ये गेलेल्या त्या मित्रावर आपला एवढा जीव का, याचा शोध घेत तो पुढे अनेक वर्षांनी समासात एवढेच लिहून थांबला: कारण तो तो होता, कारण मी मी होतो. याच निबंधात बायकांची मने अशा मैत्रीला पुरेशी खंबीर नसतात असेही त्याने लिहून ठेवले आहे. त्या उदात्त मैत्रीचे दार कोणाकोणासाठी बंद होते, हे तिची आरती ओवाळताना विसरता कामा नये.

ही व्यवस्था मोडली ती अठराव्या शतकाच्या आरंभी. लंडनमध्ये सामान्य कारागीर, दूधवाले, हमाल अशा पुरुषांच्या एकमेकांना भेटण्याच्या जागा तयार झाल्या होत्या. त्यांना 'मॉली हाउस' म्हणत. मार्गारेट क्लॅप नावाच्या बाईच्या घरावर 1726 मध्ये छापा पडला आणि त्या वर्षी मे महिन्यात तिघांना टायबर्न या लंडनच्या वधस्थानी फाशी झाली. आता राक्षसाला चेहरा मिळाला, आणि तो शेजाऱ्याचा होता. ज्या खुणा आजवर कुलीनांच्या मैत्रीच्या होत्या त्या 'तसल्या' माणसांच्या खुणा ठरल्या आणि पाहता पाहता इंग्रज पुरुषाने दुसऱ्या पुरुषाचे चुंबन घेणे सोडून दिले. हस्तांदोलन उरले. दोन समाज एकाच वेळी गरीब झाले: ज्यांना पुरुषांवर प्रेम करायचे होते त्यांना लपावे लागले, आणि ज्यांना फक्त मित्र हवा होता त्यांची जीभ अडखळू लागली.

आपल्याकडच्या वादात मला हाच भाग हरवलेला दिसतो. 'आमच्याकडे पुरुष गळ्यात हात घालून हिंडतात, त्यात कोणाला वावगे दिसत नाही' असे अभिमानाने सांगणारे गृहस्थ त्याच दमात समलिंगी जोडप्यांच्या हक्कांना विरोध करतात, आणि आपण इंग्लंडच्या सतराव्या शतकाचाच निवाडा पुन्हा देत आहोत हे त्यांच्या लक्षात येत नाही: गळ्यातला हात चालेल, जोवर तो हात कोणाचा हे आम्ही ठरवतो आहोत. विवाहाचा हक्क 17 ऑक्टोबर 2023 रोजी सर्वोच्च न्यायालयाने नाकारला आणि त्याखालचे कायदेशीर नातेही बहुमताने नाकारले. त्यामुळे तीस वर्षे एका घरात राहिलेल्या दोन पुरुषांना, मग ते प्रेमी असोत की मित्र, एकमेकांच्या वारशावर आपोआप हक्क नाही आणि एकाच्या अंत्यविधीत दुसऱ्याचा शब्द अखेरचा धरला जाईल याची शाश्वती नाही. फिंचने बेन्सचा देह समुद्रापलीकडून आणून आपल्या कॉलेजात पुरला तेव्हा या दोघांपैकी ते कोण, असे त्याला कोणी विचारले नाही. त्याला ते विचारले गेले नाही कारण तो सर जॉन होता, राजदूत होता आणि पैसेवाला होता. जे त्याला दर्जामुळे मिळाले ते कोणालाही दर्जाविना मिळावे, एवढी ही मागणी आहे. आणि ती मागताना नात्याचे नाव सांगण्याची सक्ती कोणावर नसावी, असे माझे मत आहे.

बकिंगहमचा 1628 मध्ये पोर्ट्समथला खून झाला. त्याची भव्य कबर वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत सातव्या हेन्रीच्या चॅपेलमध्ये, राजघराण्यातल्या माणसांच्या सोबतीत आहे. जेम्सचे स्वतःचे स्मारक मात्र कोणी उभारले नाही आणि त्याची शवपेटी नेमकी कुठे आहे हेही पुढे विसरले गेले. शेवटी 1869 मध्ये तिथले मुख्य धर्माधिकारी डीन स्टॅन्ली यांनी एकामागून एक तळघरे उघडून शोध घेतला, तेव्हा जेम्स सातव्या हेन्रीच्या आणि त्याच्या राणीच्या शेजारी, त्यांच्याच तळघरात सापडला. त्याच वर्षी जर्मनीत छापलेल्या एका पत्रकात कार्ल-मारिया केर्टबेनी या लेखकाने 'होमोसेक्शुअल' हा शब्द पहिल्यांदा छापून वापरला.